शनिवारची वाफ

एवाल्ड क्रुवने सॉनातल्या, म्हणजे वाफेच्या न्हाणीघरातल्या, तापलेल्या दगडांवर पाणी ओतले आणि फुसकारा विरेपर्यंत श्वास रोखून धरला. बाहेर वितळत्या बर्फात पावले वाजत होती. एकाच माणसाची. पकडून न्यायला येणारे एकटे येत नाहीत, हे त्याला माहीत होते. ती पद्धत ज्या बैठकीत ठरली, तिथे तो हजर होता.

बाहेरच्या खोलीत कपडे काढून शेजारचा मॅर्ट ओयासाल दारातून वाकून आत आला. अंगावर काही नाही, हातात वाफेत अंग झोडपायची बर्चच्या डहाळ्यांची जुडी.

"साहेब म्हणू की नुसतं एवाल्ड?" तो म्हणाला. "चड्डीसुद्धा नसलेल्याला साहेब म्हणायला जीभ वळत नाही रे."

एवाल्ड हसला. हसू अंमळ लवकर आले आणि अंमळ जास्त टिकले. त्याची सारी कारकीर्द अशा हसण्यावर उभी होती. गावच्या शाळेत इतिहास शिकवणारा हा मास्तर चाळीस साली, लाल सैन्य एस्टोनियात शिरताच, इतिहास घडवणाऱ्यांच्या रांगेत जाऊन बसला. युद्ध संपल्यावर मंत्री झाला. त्याच्या भाषणांत माणसे सैबेरियात 'हलवली जात'. हलवणारा कोणी नसे. मग या मार्चमध्ये, टालिनच्या सभागृहात, त्याचा मास्तरकीच्या काळातला एक निबंध मोठ्याने वाचला गेला आणि तो राष्ट्रवादी, म्हणजे पक्षाचा शत्रू, ठरला. सभागृहाने टाळ्या वाजवल्या. सवयीने त्यानेही वाजवल्या.

त्याला विश्रांती देण्यात आली. टेलिफोन मुका झाला, मोटार येईनाशी झाली, आणि तो वडिलांच्या घरी परतला. शनिवारी ज्याच्या सॉनातून धूर निघेल त्याच्याकडे शेजाऱ्यांनी जायचे, ही इथली रीत. त्याच्या सॉनातूनही धूर निघे, पण तो आजवर कोणाला दिसला नव्हता.

मॅर्टने त्याला वरच्या फळीवर पालथे झोपायला सांगितले. एवाल्ड झोपला. मान उघडी पडली तशी त्याने खांदे वर घेतले. दाराबाहेर सरपणाची कुऱ्हाड होती. ती आत आणून ठेवायला हवी होती, हे त्याला आता सुचले. जुडीचा पहिला फटका पाठीवर पडला तेव्हा त्याच्या तोंडून आवाज निघाला.

"घाबरतोस काय? पानं आहेत," मॅर्ट म्हणाला, आणि लयीत फटके देऊ लागला. देता देता त्याने सांगितले की पंचायतीच्या कचेरीमागे लॉरी येऊन उभी आहे. पहाटे एवाल्डच्या घराची झडती. साक्षीदार म्हणून मॅर्टलाच बोलावले आहे.

एवाल्डच्या बोटांनी फळीची कड धरली.

"काहीतरी चूक झाली असेल. मॉस्कोला कळलं की..."

"लेइडापण अगदी हेच म्हणत होती."

लेइडा म्हणजे मॅर्टची धाकटी बहीण. मॅर्ट पुढे संथपणे बोलत राहिला, जणू उद्याच्या बाजाराचे सांगत होता. नमद्याचे, दाबलेल्या लोकरीचे, बूट ने, कातड्याचे नकोत. खारवलेले डुकराचे मांस ने. तुझ्या आईच्या शिवणयंत्राचे लाकूड राहू दे, नुसते यंत्र काढून पोत्यात घाल. सैबेरियात त्यावर पोट भरते, लेइडा तशीच जगते आहे. पुस्तके नकोत.

"तिला बांधाबांधीला तासभर मिळाला होता," तो म्हणाला. "तुझ्याकडे अख्खी रात्र आहे. म्हणून आलो. तू केलंस ते केलंस. पण माणूस रिकाम्या हातानं जाऊ नये."

एवाल्डने मान वळवली. वाफेत त्याला मॅर्टचा चेहरा दिसेना.

"लेइडाला नेलं?" त्याने विचारले. "कधी?"

जुडी हवेतच थांबली. ओल्या पानांतून पाणी टपटपत राहिले.

"तिच्या यादीवर तुझी सही होती," मॅर्ट म्हणाला.

"सह्या पुष्कळ होत्या रे."

मॅर्टने जुडी फळीवर ठेवली आणि तो खाली उतरला. बाहेरच्या खोलीत तो कपडे चढवत असल्याचे ऐकू येत होते. घाई नव्हती, रागाने काही आदळल्याचा आवाजही नव्हता. एवाल्ड कोपरांवर रेलून उठला.

"मॅर्ट," त्याने हाक मारली, "आणखी काय न्यायचं?"

बाहेरचे दार लागले.