सुट्या दिवसांचं पान

"जन्म की मृत्यू?" काकांनी मान वर न करताच विचारलं.

"दोन्ही."

आवाज ओळखून त्यांनी वर पाहिलं. खिडकीपलीकडे त्यांची लेक उभी होती. ती रांगेत आहे हे मला शेजारच्या खिडकीतून मघापासून दिसत होतं. पण ती पुढे घुसली नाही आणि मीही काकांना सांगितलं नाही. कोणत्या तोंडानं सांगणार?

कचेरीत लग्नाच्या नोंदी माझ्याकडे, जन्ममृत्यूच्या काकांकडे. एकतीस वर्षं ते त्या खुर्चीत होते. त्यांच्या माघारी आम्ही त्यांना फूटपट्टी म्हणायचो. चहाला पाच मिनिटं म्हणजे पाचच. सहाव्याला अर्धा कप तसाच ठेवून उठणारा माणूस.

वर्षाचा पहिला कामाचा दिवस होता. आमचं वर्ष दहा महिन्यांचं, महिना छत्तीस दिवसांचा. वर उरतात पाच दिवस, ते सुटे. त्यांना ना महिना, ना तारीख. कचेऱ्या बंद, दुकानं बंद. पण जन्ममरणाला काही कुलूप लावता येत नाही, म्हणून नियम आहे: जन्म पुढे, मरण मागे. सुट्या दिवसांत जन्मलेल्याची तारीख नव्या वर्षाची पहिली, गेलेल्याची जुन्या वर्षाची शेवटची. बाळानं जुनं ओझं घेऊन येऊ नये आणि दुःख नव्या वर्षात सांडू नये, असा कुणा भल्या माणसाचा विचार असणार. त्या भल्या माणसाला एवढंच सुचलं नाही की एखादं मूल सुट्या दिवसांत येऊन सुट्या दिवसांतच जाईल. त्याचा मृत्यू मग जन्माच्या आधी पडतो. असली नोंद चुकीची, म्हणून ती करायचीच नाही. आणि नोंद नाही तर दफनभूमीत नावाचा दगडही नाही. कुंपणाच्या कडेला पुरायचं आणि घरी यायचं.

बहुतेक दर वर्षी अशी एखादी बाई यायची. काका म्हणायचे, "नोंद बसत नाही." त्याच्यापुढे अक्षर नाही.

"किती दिवसांची?" त्यांनी आता लेकीला विचारलं.

"तुम्हाला माहीत नाही?" ती म्हणाली. "दुसऱ्या सुट्या दिवशी दुपारी झाली, चौथ्याला सकाळी गेली. तेव्हा तुमच्याच मांडीवर होती, बाबा."

मला वाटलं, आता घेतील अर्ज. शेवटी पोटची पोर समोर उभी आहे. काकांनी अर्ज फिरवला आणि तिच्याकडे सरकवला.

"नोंद बसत नाही."

तिनं अर्जाची घडी घातली. "काल बेकरीवाल्या मावशी आल्या होत्या घरी. म्हणाल्या, जाऊ नकोस पोरी, तो माणूस नाहीच म्हणतो. मी म्हटलं, मावशी, तो माणूस माझा बाप आहे."

एवढं बोलून ती गेली. माझं डोकं तापलं. जेवणाच्या सुट्टीत मी काकांच्या टेबलाशी गेले.

"मृत्यूची तारीखही नव्या वर्षाची पहिलीच टाका की. कोण बघायला येतंय?"

"मी बघतोय ना."

"अहो, नात आहे तुमची."

"म्हणूनच. इतक्या बायकांना परत पाठवलं, आणि माझ्या घरातलं गेलं तर मला तारीख सापडली?" त्यांनी डबा उघडलाच नव्हता. "बेकरीवाली आली तेव्हा मी नवा होतो. तिनं विचारलं होतं, मग लिहायचं कुठे? मी सांगितलं, कुठेच नाही."

मग उठून त्यांनी गेल्या वर्षाची वही काढली. शेवटच्या महिन्यानंतर एक पान नेहमी कोरं असतं. त्यावर त्यांनी मथळा घातला: सुटे दिवस. कामाच्या वेळेत खिडकी बंद केली आणि मला म्हणाले, "चल. शिक्का घे."

बेकरीवाली कणीक मळत होती. काकांना पाहून तिनं हातसुद्धा पुसले नाहीत.

"बाई, तुमच्या मुलीची नोंद राहिली होती," काका म्हणाले.

"एकोणतीस वर्षं राहिली."

"हो. चूक माझी. दीड दिवसाची होती, तेवढं आठवतं मला. नाव सांगा. शिक्का पडला की दगड नाकारता येणार नाही कुणाला."

"नाव नाही तिला," बाई म्हणाली. "ठरवलं होतं एक. पण कुठेच लिहायचं नाही म्हणालात, मग ते पुढच्या मुलीला दिलं."

आतून एका बाईनं विचारलं, "आई, भट्टी बघू का?"

"बघ," तिनं सांगितलं.

काकांनी तिथेच उभ्यानं लिहिलं: बेकरीवाल्यांची मुलगी, दीड दिवस. नावाचा रकाना कोरा ठेवला. मी मारलेला शिक्का थोडा वाकडा उमटला. काकांनी तो तसाच राहू दिला.

"तुमच्या नातीचं लिहिलंत?" बाईनं विचारलं.

"तिचं शेवटी. तुम्ही सगळ्या आधीच्या."

त्यानंतर आम्ही दर सुट्टीला एकेक घर गाठलं. काही घरांत माणसं बदललेली, काहींनी दार लावून घेतलं, एकीनं वहीवर पाणी फेकलं. तिचीही ओळ लिहिली. कुंपणाशी कुठे पुरलं ते मात्र प्रत्येक आईला पाठ होतं.

सातव्या महिन्याच्या अकरा तारखेला काका गेले. त्यांची नोंद मी केली, तिला काही अडचण आली नाही. तोवर एकोणीस घरं झाली होती. उरलेली सात मी एकटीनं केली. मग त्यांच्या लेकीला बोलावलं.

पानाच्या तळाशी एकच ओळ उरली होती. मी नाव विचारलं. तिनं माझ्या हातातलं पेन घेतलं आणि स्वतः लिहिलं. अक्षर बापासारखंच सरळ होतं. मी शिक्का मारला, आणि शाई वाळेपर्यंत आम्ही दोघी वही उघडी ठेवून बसलो.