बीम सहा थरांपुढे जात नाही

डोकं फिरणार नाही तर काय होईल! बायको हॉस्पिटलात, उकळत्या तेलाने मनगटापासून खांद्यापर्यंत भाजलेली. जखमेवर लावायच्या थंडगार जेलच्या पाकिटांची तिथली शेवटची पेटी सकाळीच संपली. आणि नवा माल न्यायला टेम्पो कारखान्याच्या दाराशी लावून तिचा ड्रायव्हर नवरा इथे तासभर ताटकळतोय. पाकिटं निर्जंतुक करणारं मशीन चालवतं कोण? तर बायकोची सख्खी मोठी बहीण! आणि तीच म्हणते, माल मिळणार नाही.

"ताई, अहो, मशीनमधून निघालाय ना?"

"निघालाय. पण पेटी हाताला जड लागली, म्हणून फोडली." तिने कागदाचे दोन तुकडे पुढे केले. मशीनमधल्या इलेक्ट्रॉनांच्या झोताचा, म्हणजे बीमचा, मारा बसला की हे कागद रंगतात. वरच्या थरातला गडद लाल होता, मधला जेमतेम गुलाबी. "सहाच्या जागी दहा थर कोंबलेत. बीम मधपर्यंत पोचलाच नाही."

"वा! एवढ्या जाड भिंती, मशीनची किल्ली सदान्‌कदा तुमच्या गळ्यात, आत माणूस राहिला तर खेळ खलास म्हणता. आणि बोटभर जेलपुढे तुमच्या बीमने हात टेकले?"

"टेकले," ती म्हणाली. "माणसाला मारायला वरवर पोचला तरी पुरतं, मेहुणे. जंतू मारायला शेवटच्या थरापर्यंत जावं लागतं."

"मग फिरवा की पुन्हा!"

"वरची पाकिटं ठिसूळ होऊन फुटतील. मधली तशीच राहतील."

"अहो, सख्ख्या बहिणीसाठी तरी!"

"तिच्या हाताला कातडी नाही. जंतूंना दार सताड उघडं आहे."

बाई आहे की दगड, त्याच्या मनात आलं. पण तो गुलाबी कागद ती पुन्हा पुन्हा उजेडाला धरून बघत होती, तेही त्याने पाहिलं. आई गेल्यावर धाकटीला हिनेच लहानाची मोठी केलेली. आतडं काय फक्त ह्याचंच तुटत होतं?

तरी हटेल तो ड्रायव्हर कसला! त्याने बायकोलाच फोन लावून स्पीकरवर टाकला. "तुझी ताई माल अडवून बसलीय. कळ सोसत नाही म्हणून सांग तिला."

पलीकडून नुसतं कण्हणं ऐकू आलं. मग आवाज आला, "ताई नको म्हणाली?"

"हो ना!"

"मग मी थांबते. किती वेळ लागेल, तेवढं विचारा."

ताईने भिंतीकडे तोंड फिरवलं. पदराने नाक पुसलं. "हा माल बाद. बीमखाली न गेलेला कोरा माल आहे, पण सहा-सहा थरांनी भरायचा म्हणजे तीन तास. दोघं बसलो तर दीड."

त्याने हात धुतले, टोपी चढवली आणि टेबलाशी बसला. घाईघाईत पहिल्याच पेटीत सात थर लावले. तिने वरचा थर काढून घेतला.  दुसरी पेटी त्याने भरली आणि तिने बघायच्या आत स्वतःच थर पुन्हा मोजले.