बंद पुलाचा फोटो

धरणातून पाणी सोडणार असल्याचा निरोप मोबाईलवर आला, तसे उद्धवराव आणि शेजारचा खंडू पुलाखाली बसवलेली पाण्याची मोटार वर ओढायला उतरले. काठाला चिखल असा, की पाय टाकला की गुडघ्यापर्यंत आत. दोर ओढत असताना वरून ट्रक गेला आणि पुलाच्या पोटाचा हातभर ढलपा दोघांच्या मधोमध येऊन आदळला.

खंडूनं तोंडावरचं पाणी पुसलं. "वाचलो, राव."

"गप वढ," उद्धवराव म्हणाले.

याच पुलावरून त्यांच्या सुनेची, तनुजाची, बस यायची. चाकणच्या कंपनीतली पहिली शिफ्ट सुटली की दुपारी बस वस्तीवर. ती वेळ झाली की उद्धवराव पाणी बघायच्या निमित्ताने काठावर येऊन बसत. बस अलीकडे येईपर्यंत ते पुलावरची नजर काढत नसत. घरात त्यांनी हे कुणाला सांगितलं नव्हतं.

मोटार वर काढून ते रस्त्याला लागले, तर पुलाच्या तोंडाशी बांधकाम खात्याची जीप उभी. टेम्पोतून लोखंडी बॅरिकेड उतरत होते. वस्ती गोळा झाली होती.

"हायकोर्टाने विचारलंय," खात्याचे साहेब सांगत होते, "धोकादायक पूल बंद केलेत का, फोटोसह कळवा. परवा तारीख आहे."

"म्हंजी बंद करताय?" दूधवाल्या शालनबाईंनी विचारलं. "मग दूध काय पवत न्यायचं?"

"फोटोपुरतं हो, मावशी. तुम्ही मंडळी जरा मागे उभी राहा, ग्रामस्थांचं सहकार्य दिसू दे. झालं की लगेच उचलतो."

लोकांचा जीव भांड्यात पडला. पूल खरंच बंद झाला असता तर शाळेला, डेअरीला पलीकडच्या कुरुळीला जायला हायवेनं लांबचा वळसा होता. माणसं बॅरिकेडमागे लग्नातल्यासारखी ओळीनं उभी राहिली. खंडूनं टोपी सारखी केली.

"साहेब, नवरदेव कोन?"

सगळे हसले. उद्धवरावांची कांद्याची ट्रॉली ट्रॅक्टरला जोडून चाकणला निघायची म्हणून कडेला भरून उभी होती. त्यांनीही बॅरिकेडचं एक टोक धरलं.

तेवढ्यात पलीकडे कंपनीची बस येऊन थांबली. "ती मागे घ्यायला सांगा, फोटोत येतेय," साहेब म्हणाले. बस मागे सरली. पुढच्या खिडकीत तनुजा होती. पदरानं वारा घेत ती ह्या सगळ्यांकडे बघत होती.

फोटो निघाला, वरच्या ऑफिसला गेलासुद्धा. "चला, सोडा," साहेबांनी हात केला. बॅरिकेड परत टेम्पोत चढले. ड्रायव्हरनं गिअर टाकल्याचा आवाज नदीवरून आला.

उद्धवराव ट्रॅक्टरवर चढले, तो ट्रॉलीसकट पुलाच्या तोंडावर आडवा घातला आणि चावी काढून खिशात टाकली. पलीकडं बस करकचून थांबली.

"आजोबा, ट्रॅक्टर काढा. सरकारी कामात अडथळा होतोय."

"कुटलं काम, साहेब? पूल बंद करायचं ना? त्यालाच हातभार लावतोय."

"तुम्हाला कळतंय मी काय म्हणतोय ते."

"कळतंय. तुमाला कोर्टाचं भ्या, मला पुलाचं. आत्ता ढलपा डोक्यावर पडता पडता ऱ्हायला. तुमी कोर्टाला लिवलंय पूल बंद हाय. मग बस कशावरनं सोडताय, ते बी लिवा."

वस्ती मात्र खवळली.

"आन माजी पोरगी शाळंला तू खांद्यावर न्हेनार का?" खंडू अंगावर आला.

"न्हेईन."

"दूध?" शालनबाई म्हणाल्या. उद्धवरावांनी खिशातली चावी चाचपली. उद्या ह्याच लोकांत राहायचं होतं.

बसमधल्या बाया उतरून चालत निघाल्या. "एकेक या," उद्धवराव ओरडले, पण पाण्याच्या आवाजात त्यांचं त्यांनाच ऐकू आलं नाही. तनुजा अलीकडे पोचेपर्यंत त्यांनी ट्रॉलीची कड सोडली नाही.

"मामंजी, ड्रायवर म्हनतोय, उद्यापास्नं हायवेच्या नाक्यावरच घेनार आन तितंच उतरवनार," ती रागानं म्हणाली. "मी पहाटं कवा उठायचं?"

साहेब जीपकडे वळले होते. खंडू त्यांच्यामागे धावला. "साहेब, तुमच्यापुरता ट्रॅक्टर बाजूला घ्यायला लावतो की. जीप न्या पुलावरनं, वळसा वाचंल."

"नको, नको," साहेब घाईनं म्हणाले. "आम्ही हायवेनेच आलो. हायवेनेच जाऊ."

जीप वळली. तिच्यामागे टेम्पोही वळला. वळसा घेऊन दोन्ही गाड्या दिसेनाशा झाल्या.

मग खंडू काठावर उतरला. दोन मोठे दगड उचलून आणले आणि ट्रॅक्टरच्या चाकांना पुढून मागून लावले.