मेले, चहा टाक

मी टोप बोलतोय. चुलीवरचा नव्हे, डोक्यावर घालायचा. पिकलेल्या केसांचा, मागे सुपारीएवढा अंबाडा असलेला. हे केस कुणा बाईचे, ते टोपवाल्यानं कधी सांगितलं नाही. कुणी विचारलंच तर म्हणायचा, "तिला आता लागत नाहीत."

माझी मालकीण सव्वीस वर्षांची होती. विनोदी नाटकात म्हातारी आत्या करणारी बाई ऐन वेळी आजारी पडली आणि मला हिच्या डोक्यावर चढवलं. एका प्रयोगापुरता चढलेला मी चौतीस वर्षं उतरलोच नाही.

दुसऱ्या अंकात आत्या खुर्चीत निपचित पडते. ती गेली असं समजून घरात रडारड होते, भाची गळ्यात पडते. तेव्हा आत्या डोळे न उघडता म्हणते, "मेले, चहा टाक." ही भाचीला लाडानं घातलेली शिवी. पण 'मेले' म्हणून मालकीण मनात तीन आकडे मोजायची, आणि तेवढ्यात लोकांना वाटायचं, बाई स्वतःच कळवतेय. थिएटर हसून कोसळायचं.

त्या एका शब्दानं तिला सिनेमात नेलं. तिथंही आत्याच. एकदा तर तिच्याहून बारा वर्षांनी मोठ्या नटाची.

एकदा मला पेटीत ठेवून, स्वतःचे काळेभोर केस मोकळे सोडून ती एका दिग्दर्शकाकडे काम मागायला गेली. परत आल्यावर रंगभूषाकाराला हसत म्हणाली, "त्यानं बसवलं, पाणी दिलं आणि विचारलं, आत्याबाई कधी येणार?" मग आरशासमोर बसून तिनं केस घट्ट बांधले आणि मला पेटीतून काढलं. मला वाईट वाटलं. खरं सांगतो, बरंही वाटलं.

पुढं तिचे केस माझ्यासारखेच पिकले. आता टोप कशाला, असं रंगभूषाकार म्हणाला. तरी ती मला घालायचीच.

मग तो दुपारचा प्रयोग. ती खुर्चीत टेकली आणि माझ्याखालचं डोकं गार पडत गेलं. भाची गळ्यात पडली. मालकिणीचे ओठ हलले नाहीत, तरी तिच्याच आवाजात शब्द आला.

"मेले."

हशा उसळला. तीन आकडे झाले, दहा झाले, पुढचं वाक्य येईना. आत्याबाई कधी नव्हे त्या विसरल्या, असं समजून विंगेतला प्रॉम्प्टर हळूच म्हणाला, "चहा टाक." पुन्हा म्हणाला. लोक पोट धरून हसत होते. भाचीनं तिचा हात हातात घेतला, तेव्हा कुठं पडदा पडला.

त्या दिवशी भाची झालेली पोरगीच आता आत्या करते. पहिल्या दिवशी तिनं विचारलं, हा टोप आत्याबाईंचाच ना. रंगभूषाकार माझ्यातून कंगवा फिरवत म्हणाला, "त्यांना आता लागत नाही."

पोरीचं डोकं उबदार आहे. पुढच्या महिन्यात तिला एका सिनेमात काम मिळालंय, स्वतःच्या केसांत. पण हल्ली तिचे ओठ उघडण्याआधीच 'मेले' ऐकू येतं. तो शब्द माझ्या केसांतून निघतो, मला तो आवरत नाही. तीही घाबरते आणि घाईघाईनं चहा मागते. काल मात्र तीन आकडे झाले तरी तिनं चहा मागितला नाही. मी मोजत होतो, सातव्या आकड्याला वाक्य आलं. माझ्याखाली गार लागायला लागलं होतं.

म्हणून तुम्हाला एकच विनवणी. दुसऱ्या अंकात तो शब्द आला की हसू नका. तुमच्या हसण्यात तिला प्रॉम्प्टर ऐकू येत नाही.