केलेपीच्या डोक्यावरची कानटोपी

नाक मुरडू नका मित्रांनो, वास येतो हे मला माहीत आहे. बारा वर्षांचा घाम आहे तो, साबणाच्या बापाच्यानेही निघत नाही. जुनी झालेय मी. कानटोपीच आहे, पण थंडीत आजोबा घालतात तसली नव्हे. माझ्या पोटात मऊ गाद्या शिवल्यात आणि हनुवटीखाली पट्टा आहे. रग्बीत सोळा माणसं माना खाली घालून एकमेकांना रेटतात ना, तेव्हा कान चुरगळून त्यांची फुलकोबी होते. ती होऊ नये म्हणून मी.

कारखान्यात एका दिवसात आम्ही चारशे बहिणी जन्मलो. मी आमच्या बेटांवरच्या सुवा शहरातल्या एका दुकानात खिळ्याला लटकत होते. तिथून मला लोसालिनीने उचललं. तिच्या नवऱ्याला, केलेपीला, फ्रान्सच्या क्लबचं बोलावणं आलं होतं.

"कान घेऊन परत ये," ती म्हणाली.

"आणि बाकीचा?"

"बाकीचा तुझ्या आईला लागतो. मला कान पुरेत, माझं ऐकायला."

मग काय, मी जग बघितलं. फ्रान्समध्ये तीन क्लब, नंतर रुमानिया, मग जपान. दर सुट्टीत लोसालिनी मला ठिगळं लावायची, तीही तिच्या जुन्या फुलाफुलांच्या कपड्याची. फ्रान्समधले दांडगे गडी मला बघून पोट धरून हसायचे. केलेपीने एकेकाला चिखलात लोळवलं की हसू बंद. रुमानियात एकदा मी घसरून त्याच्या डोळ्यांवर आले आणि त्याने स्वतःच्याच कप्तानाला आडवं केलं. मी मुद्दाम केलं नव्हतं. म्हणजे, थोडंसं केलं होतं. त्यानंतर त्याने एक सामना एकट्याच्या जोरावर काढून दिला, तेव्हा लोकांनी माझे मुके घेतले. आणि जपानमध्ये अख्खा आठवडा ओल्या पिशवीत एका केळ्याबरोबर विसरली गेले, तेव्हा माझ्यावर बुरशी धरली. कौतुक आणि हेळसांड, दोन्ही पोटभर झालं.

एक गोष्ट मात्र मी कोणाला सांगितली नव्हती. मी कान वाचवते. डोकं नाही वाचवत. वरून दणका बसला की आत काय हलतं, ते माझ्या गाद्यांना थांबवता येत नाही. केलेपी फोनवर एकच प्रश्न तीनदा विचारू लागला. "आई बरी आहे ना?" पाच मिनिटांनी परत, "आई बरी आहे ना?" डॉक्टर म्हणाले, आता पुरे. याने मान डोलावली आणि आणखी एका वर्षासाठी जपानला सही करून टाकली.

लोसालिनीने केलेपीच्या मामेभावाला, मानासाला, गाठलं. "माझं तो ऐकत नाही. तू काहीतरी कर."

आमच्याकडे आते-मामे भावांनी एकमेकांची खेचायची, हा हक्कच आहे. मानासा त्या हक्काचा एक दिवसही वाया घालवत नाही. तो विमानतळावर भावाला आणायला गेला. कानाला ताजे टाके होते, उघड्या गाडीत धूळ उडत होती, म्हणून केलेपीने मला चढवलं.

"काय रे, कान गहाण टाकलेस की काय तिकडे?" मानासा म्हणाला. "इतकं झाकतोस ते."

"तुझं बोलणं ऐकू येऊ नये म्हणून."

गाव आलं. आमच्या गावात डोक्यावर काही घालून कोणी शिरत नाही. तो मान फक्त गावप्रमुख रातूंचा. शेंबडं पोरही वेशीवर टोपी काढून हातात घेतं. मानासाने आपली गवती टोपी काढली आणि भावाकडे बघितलं. केलेपी चालतच राहिला. मानासाने टोमणा मारायला तोंड उघडलं, आणि मिटलं. हा माणूस खरंच विसरला होता.

मानासा एक अक्षर बोलला नाही. मागे मागे चालत राहिला. आणि मी? पट्टा सैल होता, एका झटक्यात खाली पडले असते. नाही पडले. बारा वर्षांत धरलं नव्हतं इतकं घट्ट त्या डोक्याला धरून बसले. लोसालिनीला सांगून जे पटवता येत नव्हतं, ते आता सगळं गाव बघत होतं. रातू ओट्यावर बसलेलेच होते.

संध्याकाळी केलेपी मांडी घालून, मान खाली घालून रातूंसमोर बसला. समोर यांगोनाच्या झाडाच्या मुळ्यांची जुडी ठेवली; त्या कुटून, पाण्यात कालवून पितात. अशी माफी मागायची आमची रीत आहे. मी या वेळी त्याच्या मांडीवर होते.

"विसरलो, रातू."

"कळलं ते. माफ केलं." रातूंनी यांगोनाची वाटी त्याच्याकडे दिली. "परत कधी निघणार?"

"दहा दिवसांनी."

"जन्मापासूनची रीत विसरलास. ती दहा दिवसांत परत येते होय रे?"

केलेपीने वाटी रिकामी करून खाली ठेवली.

"एक वर्ष राहा. रोज वेशीतून ये-जा कर. येईल आठवत. तोवर आपल्या गड्यांना खेळ शिकव, रेटताना म्हशीसारखे पसरतात."

नुकती माफी मिळालेल्या माणसाने नाही कसं म्हणायचं? त्याने मागे वळून लोसालिनीकडे बघितलं. ती चटईचा धागा काढत बसली होती, हसू दाबत. दुसऱ्या दिवशी त्याने जपानला कळवून टाकलं.

आता मी मानासाच्या डोक्यावर असते, अर्थात वेशीबाहेरच्या मैदानावर. परवा जिल्ह्याच्या सामन्यात आम्ही पुढे होतो, शेवटची दहा मिनिटं, आणि मानासाच्या डोक्याला कोणाचा तरी गुडघा लागला. तो उठला, म्हणाला, "काही नाही, चल."

केलेपीने त्याला बाहेर बोलावलं. "आज वार कोणता?"

"रविवार."

"रविवारी खेळलास तर पाद्री तुझी कातडी सोलतील. शनिवार आहे. बस खाली."

"अरे, माझ्याशिवाय हरतील ते."

"हरू दे."

आणि हरले की, दोन गुणांनी. गावातले गडी कुरकुरत होते. रातू थोडं सरकले आणि मानासाला स्वतःच्या चटईवर जागा दिली.

तेव्हा मित्रांनो, माझ्यासारखीला खेळून झाल्यावर धुवा आणि सावलीत वाळवा, केळ्याबरोबर कोंबू नका. पण माझ्या भरवशावर डोकं पुढे करू नका. गरगरलं तर लगेच सांगा आणि बाहेर बसा. शेजारी बसायला कोणीतरी येतंच.