दोन लिटरचा कॅन

काळ्या पिशवीतून कॅन बाहेर काढला तेव्हा त्याचं झाकण ओलं होतं. पिशवीच्या तळाशी बोटभर पिवळट पाणी साचलं होतं आणि त्यात हॉस्टेलचा गेटपास भिजून चिकटला होता.

"मॅडम, हाई तं गळी ऱ्हायनं," लॅबचा मदतनीस छगन म्हणाला आणि दोन पावलं मागे सरला. "मी आत्तेच पोहा खायेल शे. माले नका सांगू उचलाले."

कॅन आणणारी मुलगी भिंतीला चिकटून उभी होती. रिना पावरा, वय अठरा, नर्सिंगच्या पहिल्या वर्षाला. धडगावच्याही वर असलेल्या तिच्या पाड्यातून कॉलेजपर्यंत पोचलेली ती पहिलीच मुलगी. हॉस्टेल ते दवाखाना हा सगळा रस्ता तिने रिक्षात तो कॅन मांडीवर धरून काढला होता. तिची सलवार गुडघ्यापर्यंत ओली दिसत होती आणि ती दुपट्ट्याने ते झाकू पाहत होती.

महजबीनने हातमोज्यांवर दुसरे हातमोजे चढवले. नंदुरबारच्या या दवाखान्यामागच्या लॅबमध्ये ती अकरा वर्षं तंत्रज्ञ होती. थुंकी, पू, शौच, सगळं तिच्या हाताखालून गेलं होतं. लोकांना वाटतं, सवय होते. तिला कधीच झाली नव्हती. रोज सकाळी पहिली डबी उघडताना तिच्या जिभेच्या मुळाशी आंबट पाणी यायचं आणि ती ते गिळायची. तिने स्वतःला एक युक्ती शिकवली होती: डोळे मापाच्या रेघेवर ठेवायचे. रेघ स्वच्छ असते. रेघेवर नजर असली की बाकी काही बघावं लागत नाही.

त्या गुरुवारी तिने रेघेकडेही नीट बघितलं नाही. कॅन हातभर लांब धरला, लघवी शेवटच्या खुणेपर्यंत, किंबहुना गळ्यापर्यंत भरलेली दिसली, आणि तिने लिहिलं: चोवीस तासांची लघवी, दोन हजार मिली. तपासणीसाठी लहान नळीत थोडी काढून घेतली आणि कॅन छगनकडे सरकवला.

"ओत."

"नाक बांधी लेऊ का?"

"बांध आणि ओत."

दर वेळी विचारायचा एक प्रश्न असतो: यातली काही सांडली का, काही बाहेर गेली का? तो तिने विचारला नाही. विचारला असता तर मुलगी बोलली असती, बोलली असती तर आणखी पाच मिनिटं त्या वासात उभं राहावं लागलं असतं.

नवनीत डॉक्टर घाईत होते. बाहेर ओळीने म्हातारे बसले होते. रात्री तीनदा उठणाऱ्या प्रत्येक म्हाताऱ्याच्या कागदावर ते 'पॉलियुरिया', म्हणजे बहुमूत्र, असं लिहून टाकत. महजबीनला ते खटकायचं. वारंवार जाणं वेगळं आणि जास्त होणं वेगळं. घोटभर लघवीला दहादा उठणारा माणूस बहुमूत्राचा रोगी नसतो. त्या शब्दाला माप आहे: मोठ्या माणसाला चोवीस तासांत तीन लिटरच्या वर. जास्त का होते, हे तो शब्द सांगत नाही. किती होते, तेवढंच सांगतो.

"साखर नॉर्मल, दोन लिटर म्हणजे पॉलियुरियाही नाही," डॉक्टर म्हणाले. "सवय आहे. पाणी कमी प्यायला सांगा." आजार आहे का, असं विचारणाऱ्या हॉस्टेलच्या पत्रावर त्यांनी तसं लिहून सही केली. रिनाने पत्र घडी करून घेतलं. जाताना तिने बाहेरच्या माठातले चार पेले पाणी उभ्याउभ्या संपवले.

शुक्रवारी सकाळी महजबीनने आदल्या दिवशीच्या नळ्या मशीनला लावल्या. रिनाच्या नळीचा क्रिएटिनिनचा आकडा आला तेव्हा तिला आधी मशीनचीच शंका आली. तिने पुन्हा लावली. आकडा तोच आला.

क्रिएटिनिन हा स्नायूंचा रोजचा कचरा. माणूस एक घोट पाणी पिऊ दे की एक हंडा, दिवसाला तो जवळजवळ तेवढाच बाहेर पडतो. बेचाळीस किलोच्या मुलीचा सातशे मिलिग्रॅमच्या आसपास तरी हवा. दोन लिटरमध्ये निघाला दोनशे दहा. मुलीचे दोन तृतीयांश स्नायू काही रात्रीत गेले नव्हते. लघवीच गेली होती. बाकीची कुठेतरी ओतली गेली होती, आणि हिशेबाने ती सगळी साडेसहा-सात लिटर असायला हवी होती.

"छगन, त्या मुलीला कॅन देताना काय सांगितलंस?"

"काय सांगसू? भरी लय, सांगं."

"भरला तर दुसरा घेऊन जा, असं?"

छगन डोकं खाजवत हसला. "मॅडम, दोन लिटर कोण भरस? म्हैस शे का ती?"

महजबीन खुर्चीत बसली. गळ्यापर्यंत भरलेला कॅन. पहिल्या वर्षाचं पोरगंही सांगेल की नेमका काठोकाठ भरलेला नमुना संशयाचा असतो. तिने तो हातभर लांब धरला होता.

तिने डॉक्टरांना सांगितलं. ते पेन खाली न ठेवता म्हणाले, "गेलेला रिपोर्ट परत मागवायचा म्हणजे लोक काय म्हणतील? आणि ती पोरगी तक्रार करायला येणार आहे का?"

"ती नाही येणार," महजबीन म्हणाली. "म्हणून मी जाते."

हॉस्टेल मिरच्या वाळवायच्या पटांगणांच्या पलीकडे होतं. वाऱ्याबरोबर तिखट धूळ येत होती. गेटवरचा माणूस शिंकत होता. आत शिरल्यावर मात्र मिरचीचा वास गेला आणि दुसरा आला: फिनेल आणि फिनेलखालून वर येणारं जुनं मूत्र. महजबीनने श्वास तोंडाने घ्यायला सुरुवात केली.

रेक्टर संध्याताई साडीचा पदर नाकाला लावूनच बोलत होत्या. "बघा तुम्हीच. खोलीतल्या पोरी रडकुंडीला आल्यात. रात्रभर हिची ये-जा. एकदा तर जिन्यातच. म्हणून हिची खाट इकडे टाकली."

खाट संडासाच्या दारासमोरच्या बोळात होती. तिच्या पायाशी पत्र्याची पेटी बांधून ठेवलेली होती.

"ही पेटी?"

"उद्या वडील येतायत न्यायला. डॉक्टरांनीच लिहून दिलंय ना, आजार नाही म्हणून. आजार असता तर ठेवली असती, माणुसकी आहे आम्हाला. घाणेरड्या सवयीला काय करायचं?" त्यांनी आवाज खाली आणला. "आणि खरं सांगू? पाणी बंद केलं मी. संध्याकाळी सहानंतर फिल्टरला कुलूप. तर ही काय करते माहितीये?"

सांगायची गरज पडली नाही. न्हाणीघराचं दार अर्धवट उघडं होतं. रिना तिथे उकिडवी बसली होती. पुढ्यात कपडे भिजवायची बादली, वर साबणाची करडी साय धरलेली, कडेला केसांचं एक वेटोळं. तिने हाताने साय बाजूला सारली, ओंजळ भरली आणि प्यायली. पुन्हा भरली. तिच्या घशाचा आवाज बोळात येत होता, तहानलेल्या गुरासारखा.

महजबीनने आयुष्यात पाहिलेल्या सगळ्या डब्या एकीकडे आणि ही ओंजळ एकीकडे.

"बघितलंत?" संध्याताई म्हणाल्या. "आता दुपार आहे, फिल्टर उघडा आहे, तरी इथेच. पोरी फिल्टरपाशी उभी राहू देत नाहीत तिला. त्यांचं काय चुकलं?"

महजबीनने पर्समधली आपली पाण्याची बाटली काढली. रिनाने ती एका दमात संपवली, मग झाकण लावून, दुपट्ट्याने पुसून परत दिली.

"रिना, कॅन कधी भरला होता?"

"बुधवारी. दुपारी एक वाजता, मॅडम."

"आणि त्यानंतरची?"

"भरून आणा म्हणाले होते. भरला. मग गुरुवारी सकाळपर्यंत खाटेखाली ठेवला. सकाळी सातलाच आणायचा होता ना?"

"बाकीची संडासात गेली."

"मग कुठे जाणार?" रिना म्हणाली. पहिल्यांदाच तिच्या बोलण्यात थोडी धार आली.

महजबीन रेक्टरकडे वळली. "तो रिपोर्ट चुकीचा आहे. मी उद्या परत मोजते. सकाळी सातला पाठवा तिला. आणि कुलूप लावू नका. लघवी अशीच जात राहिली आणि पाणी मिळालं नाही, तर ही बेशुद्ध पडेल."

"डॉक्टरांची सही आहे त्यावर."

"सही डॉक्टरांची, माप माझं होतं. माप मी चुकवलं."

संध्याताईंनी पदर नाकावरून जरासा खाली घेतला. असं बोलणारं माणूस त्यांना दवाखान्यात सहसा भेटत नसावं. "वडील चारला पोचतील," त्या म्हणाल्या. "तोवर कागद आला तर बघू. नाही आला तर पेटी जाईल."

शनिवारी सातला रिना आली. महजबीनने तिला पहिल्यांदा जाऊन यायला सांगितलं आणि ती वेळ लिहिली. त्यानंतरचा प्रत्येक थेंब भांड्यात. माठ भरून तिच्याशेजारी ठेवला.

सव्वासातला पहिलं भांडं आलं. मुलीच्या हातातून ते घेताना काच कोमट लागली, दोन हातमोज्यांतूनही. महजबीनच्या जिभेखाली आंबट पाणी आलं. तिने भांडं टेबलावर ठेवलं, वाकली, डोळे रेघेच्या पातळीला आणले आणि वाचलं. एकशे साठ. रंग जवळजवळ नाहीच. नळाच्या पाण्याशेजारी ठेवलं तर ओळखू येणार नाही.

आठ वाजेपर्यंत पाचशे झाली होती. साडेनऊला एक हजार. छगन दारात उभा राहून मोजत होता. त्याने नाकावर रुमाल बांधला होता.

"मॅडम, एवढं तं मन्ही विहीरबी नही दे."

रिना हसली. महजबीनला ते इतकं अनपेक्षित होतं की तिने रेघ पुन्हा वाचली.

दुपारी डॉक्टर आत डोकावले. टेबलावर झाकण लावलेल्या भांड्यांची रांग बघून त्यांनी तोंड वाकडं केलं. "बाजार मांडलाय का? आणि एवढं पाणी पाजल्यावर होणारच."

"होईल. पाणी जास्त पिते म्हणून लघवी होते, की लघवी जाते म्हणून पाणी पिते, ते धुळ्याला तपासतील. आपल्याला एवढंच विचारलंय, पॉलियुरिया आहे की नाही."

डॉक्टरांनी दार ओढून घेतलं.

तीन वाजता बेरीज तीन हजार चारशेवर गेली. चोवीस तासांची मर्यादा आठ तासांत मागे पडली होती. महजबीनने नवा कागद घेतला. आधीच्या रिपोर्टचा क्रमांक लिहून त्याखाली लिहिलं: नमुना अपुरा होता, माप चुकीचं धरलं गेलं. पुढे स्वतःचं पूर्ण नाव घातलं आणि तो कागद डॉक्टरांसमोर ठेवला.

"हे वाक्य गाळता आलं असतं," ते म्हणाले.

"मग आधीचा कागदही खरा राहिला असता."

त्यांनी बराच वेळ पेन फिरवलं. शेवटी बहुमूत्राचं निदान लिहिलं, धुळ्याच्या मोठ्या रुग्णालयासाठी चिठ्ठी दिली, आणि महजबीन हलत नाही हे बघून खाली आणखी एक ओळ घातली: पिण्याचं पाणी कधीही अडवू नये.

सव्वाचारला संध्याताई आल्या. त्यांच्यामागे रिनाचे वडील आमशा, डोक्यावर तीच पत्र्याची पेटी. पहाटे पाड्यावरून पायी निघून, मग जीप, मग बस असे ते आले होते. त्यांनी पेटी उतरवली नाही. लेकीने त्यांच्या बोलीत काहीतरी सांगितलं, त्यांनी तिच्या खांद्यावर हात ठेवला आणि टेबलावरच्या भांड्यांकडे बघितलं.

संध्याताईंनी पदर वर नेला. "हे सगळं हिचंच? कोणी भर घातली नाही कशावरून?"

"मी सकाळी सातपासून इथे उभी आहे," महजबीन म्हणाली. "हवं तर एकेक उघडून दाखवते."

"नको, नको." त्यांनी कागद दोन बोटांच्या चिमटीत धरून वाचला, दोनदा. "म्हणजे पोरींना मी काय सांगू? वास तर तोच राहणार ना."

"आजारी आहे म्हणून सांगा. खाट खोलीत न्या, आणि तिला फिल्टरवर जाऊ द्या. बादलीतलं पिते ती तहानेने, आवडीने नाही."

आमशांना मराठी थोडंच येत होतं. त्यांनी सरळ महजबीनला विचारलं, "बाई, पोरगी बिमार आहे की खोडीची आहे?"

"आजारी आहे, दादा. धुळ्याला दाखवायचं. यावर औषध असतं."

"शाळा?"

महजबीनने संध्याताईंकडे बघितलं. आमशांनीही बघितलं. छगनने नाकावरचा रुमाल खाली ओढला आणि त्यानेही बघितलं. संध्याताईंच्या चेहऱ्यावर शिसारी तशीच होती, त्या ती लपवतही नव्हत्या.

"आजार आहे म्हटल्यावर ठेवावं लागेल," त्या म्हणाल्या. "घेऊन चला पेटी."

ते निघाले. आमशा पुढे, पेटी डोक्यावर, रिना मागे, संध्याताई रस्त्याच्या दुसऱ्या कडेने, अंतर ठेवून. महजबीन दारातून बघत होती. हातमोजे अजून तिच्या हातात होते, आत घाम साचून बोटं सुरकुतली होती आणि तो वास तिला स्वतःच्या केसांतूनही येत होता.

रिक्षास्टँडपर्यंत पोचण्याआधीच रिना थांबली. वडिलांशी काही बोलली आणि मान खाली घालून परत दवाखान्याकडे आली. महजबीन बाजूला झाली. मुलगी आत गेली.

रस्त्यावर आमशा पेटी डोक्यावर तशीच धरून उभे राहिले. रिक्षावाल्याने हॉर्न वाजवला. संध्याताईंनी घड्याळात बघितलं, पदर नाकाशी दाबला आणि त्याला हाताने सांगितलं, थांब.