यंत्राने विचारलं तेव्हा

"घाबरू नका काकू, चावत नाही ते!" नर्स लॉइस हसत म्हणाली. "पडद्यावरचा प्रश्न वाचायचा आणि 'हो', 'नाही' किंवा प्रश्नाखाली दिलेल्या उत्तराचं बटण दाबायचं."

ती गेली आणि त्या कपाटाएवढ्या संगणकापुढे थोरा एकटीच उरली. अंगावर पित्ताच्या गांधी उठतात म्हणून ती आली होती. विस्कॉन्सिनच्या या दवाखान्यात डॉक्टरांच्या आधी हे नवं यंत्र रोग्याची विचारपूस करत असे.

थोराच्या गावात सगळी नॉर्वेहून आलेल्यांची घरं. तिथे कुणी 'कसं काय' विचारलं की 'बरं आहे' म्हणायचं, मग पाय का मोडलेला असेना. नवऱ्याला, हाल्वरला, पुरून आली तेव्हा चर्चच्या दारातही ती हेच म्हणाली. लोकांनी ते खरं मानलं आणि नंतर कुणी फिरकलं नाही.

यंत्रापुढे कसली आलीय भीड? 'नाही' दाबलं की ते विषयच बदलून टाकी, 'हो' दाबलं की मात्र आस्थेने पुढचं विचारी. हे ध्यानात आल्यावर तिने 'नाही'चा नादच सोडला. खोकला येतो? हो. झोपमोड होते? हो. इतकं तिला कितीतरी दिवसांत कुणी विचारलं नव्हतं.

'घरी सोबत कुणी राहतं का?'

हो. कोण? नवरा.

'त्यांची तब्येत कशी असते?'

तिला भरून आलं. तिने 'चांगली' दाबलं.

डॉक्टर केलर लांबलचक छापील कागद घेऊन आले. "बापरे, एवढं सगळं होतंय? ही गोळी झोपताना घ्या. पण गुंगी जबरदस्त येते हं. कधी कधी श्वास मंदावतो. एकट्या असता तर आज इथेच ठेवून घेतलं असतं. यजमान आहेत ना घरी?"

एकच वाक्य बोलायचं होतं. मग इथेच खाट मिळाली असती, लॉइस येऊन कपाळावर हात ठेवून गेली असती. थोराला तेच तर हवं होतं! पण समोर माणूस होता. जीभ रेटेना.

"आहेत," ती म्हणाली.

"मग त्यांना म्हणावं, रात्री एकदोनदा हलवून उठवा."

"सांगते."

घरी आल्यावर तिने पाण्याचा पेला भरून घेतला, गजराच्या घड्याळाला किल्ली दिली आणि ते हाल्वरच्या उशीवर ठेवलं.